अंतरपाटातली मधली जागा

मळ्यातल्या काकींचं बोलून झालं आणि सोप्यात सगळे गप्प झाले. आत्याबाई तांदूळ निवडत होत्या, त्यांचा हातही सुपातच थांबला. त्या शांततेत आतल्या खोलीतून आवाज यायला लागला. टक-टक, टक-टक, टक-टक.

"काय वाजतंय गं ते?" काकींनी विचारलं.

"जुई पेन उठवतेय," वैजू म्हणाली.

पेंट पेनाच्या पोटात एक बारीक गोळी असते. पेन पडून राहिलं की रंग एकीकडे जाऊन बसतो आणि पाणी दुसरीकडे. मग ते हलवायचं, गोळी आत आपटत राहते आणि रंग पुन्हा एकजीव होतो. माझी जुई तेव्हा पाच वर्षांची होती. तिच्या मते पेनं झोपलेली असायची आणि त्यांना उठवणं हे तिचं काम होतं. त्या कामाचा एकच नियम होता, टोपण लावून हलवायचं. तो मोडल्यावर काय होतं, याचे हिरवे शिंतोडे आमच्या कपाटाच्या दारावर अजून आहेत.

काकी बोलल्या होत्या ते अंतरपाटाबद्दल. वैजूचं लग्न ठरलं होतं. वैजू माझी धाकटी नणंद, काकी तिच्या चुलती. तिच्या रुखवतातल्या सुपाऱ्या, नारळ, कलश, सगळं मीच रंगवत होते. काकींनी त्यातल्या एकेका वस्तूचं कौतुक केलं आणि मग म्हणाल्या, अंतरपाट तेवढा कोल्हापूरहून आणू. हल्ली तयार मिळतात, छान असतात. केतकीनं किती म्हणून करायचं. आणि थोडं थांबून म्हणाल्या, "मी वाईट म्हणून बोलत नाही. पण उद्या पोरीच्या संसारात जरा काही खुट्ट झालं, तर बोट कुणाकडं जाईल? हिच्याकडंच. हिच्याच भल्याचं सांगतीय मी."

वैजूचा मोठा भाऊ, माझा नवरा सुहास, डेंगीनं गेला त्याला दोन वर्षं होत आली होती.

"मी दुसऱ्या कुठल्या अंतरपाटामागं उभी राहणार नाही," वैजू म्हणाली. आवाज चढवला नव्हता तिनं. ती बँकेत काउंटरवर बसते, नाही म्हणायचं ते हळूच म्हणते.

काकींनी आत्याबाईंकडे पाहिलं. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई, आमच्याकडे सासूला आत्याबाई म्हणतात. मीही त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी हो म्हणावं असं मला वाटत होतं, की नाही म्हणावं असं, ते आज सांगता येणार नाही. काहीतरी म्हणावं एवढं मात्र वाटत होतं. त्या उठल्या आणि चहा ठेवायला आत गेल्या.

मी ते उत्तर समजले.

म्हणून मीच मधला मार्ग काढला. काकींना म्हटलं, बाहेरच्यांना करते तसाच हा करते. कडेची वेलबुट्टी, चित्रं, नावं माझी. मधोमध वीतभर जागा मी कोरी सोडते, तिथं तुम्ही तुमच्या हातानं कुंकवाचं स्वस्तिक काढा. सगळ्या घरांत तसंच करतात.

"बघ, किती शहाणी आहे," काकी वैजूला म्हणाल्या. वैजू माझ्याकडे रागानं बघत राहिली. आत्याबाई चहाचा ट्रे घेऊन दारात उभ्या होत्या.

"सगळ्यांच्याच अंतरपाटात जागा सोडतेस?" त्यांनी विचारलं.

"हो."

"कुणी सांगितलं तसं सोडायला?"

"कुणी नाही," मी म्हटलं. त्यांनी काकींपुढे कप ठेवला आणि विषय संपला.

पेनांची गोष्ट सांगायची राहिली. सुहासचं बसस्टँडजवळ स्टेशनरीचं दुकान होतं. हेल्मेटवर नावं घालायला, सिलेंडरवर खुणा करायला लोक यायचे, त्यांच्यासाठी तो पेंट पेनं ठेवायचा. दुकान दुसऱ्याला दिलं तेव्हा उरलेला माल खोक्यांतून घरी आला आणि माळ्यावर गेला. वर्षभरानं जुईला खडू हवे होते म्हणून मी खोकं खाली काढलं. खडू नव्हते, पेनं होती. सगळी उभी ठेवलेली, रंग बुडाशी बसलेला, टोकं दगडासारखी. मी टाकून देणार होते. पण गोळी कशी वाजते हे जुईला दाखवायला एक हलवलं, हलवत राहिले, आणि तिनं दुसरं उचललं.

मग एकेक कळत गेलं. वाळलेलं टोक चिमट्यानं ओढून काढता येतं. कोमट पाण्यात ठेवलं की रंग सुटतो. दोन्हीकडून सारखं असेल तर उलटं करून बसवायचं, की नवं टोक मिळतं. पेन आडवं ठेवायचं, उभं नाही. नवीन टोक कागदावर हलकेच दाबून सोडायचं, पुन्हा दाबायचं, रंग उतरेपर्यंत. आणि हे करायचं ते रद्दीच्या कागदावर, कधीही कापडावर नाही, कारण रंग कधी थेंबानं येतो आणि कधी भसकन येतो. आधी मी जुईच्या डब्यावर नाव घातलं, मग शेजारच्या मुलांच्या बाटल्यांवर. मग कुणीतरी अंतरपाट रंगवून मागितला. गडहिंग्लजसारख्या गावात एका लग्नात दिसलेली वस्तू पुढच्या लग्नात लागतेच.

काम दुपारचं. आत्याबाई आणि मामा, म्हणजे माझे सासरे, आडवे झाले की मी पुढच्या खोलीत फरशीवर पुठ्ठा टाकायची, त्यावर खळ काढलेलं, इस्त्री केलेलं मांजरपाट पसरायची. जुईला झोपवायचं असायचं, पण ती कधी झोपली नाही. कापड पसरलं की ती त्याच्या कडेशी पालथी पडायची आणि दर वेळी तेच विचारायची, "इकडे कोण? आणि तिकडे कोण?" मी नवरीचं आणि नवऱ्याचं नाव सांगायची. अंतरपाट मध्ये धरतात, अलीकडे एक जण असतं आणि पलीकडे एक, मंगलाष्टका संपल्या की तो बाजूला घेतात आणि दोघं एकमेकांना बघतात, हे तिला पाठ होतं. नावं कळल्याशिवाय ती पेनं उठवायला घ्यायची नाही.

वैजूच्या अंतरपाटाला तिनं विचारलं तेव्हा मी म्हटलं, "इकडे आत्या, तिकडे प्रसन्नकाका."

"मग मी कुठल्या बाजूला उभी राहू?"

"तू मध्ये बस. खालून दोन्हीकडचे पाय दिसतील."

ते तिला फार आवडलं.

मी कडेनं जोंधळ्याची कणसं काढली, आमच्या रानातली. एका कोपऱ्यात वैजूची बँकेची खिडकी, दुसऱ्यात प्रसन्नची निपाणीची शाळा. वैजू एकदा येऊन बसली आणि म्हणाली, "दादाला कुठंतरी ठेव ना वहिनी. कुणाला कळणार नाही असा." मी कणसांच्या मागे एक मोटारसायकल उभी केली, अर्धी झाकलेली. हँडलला दुकानाच्या किल्ल्या लटकलेल्या. सुहास किल्ल्या नेहमी गाडीलाच विसरायचा. वैजू बराच वेळ ते बघत बसली, आणि मग हसली, "हा विसरभोळा माझ्या लग्नातसुद्धा किल्ल्या विसरला."

मधली जागा कोरी होती. पांढरी, वीतभर. मी कामाला बसले की आत्याबाई जाता-येता थांबायच्या. कापडाकडे बघायच्या, पेनाकडे बघायच्या. एकदा विचारलं, यातलं लाल कुठलं? मी दाखवलं. दुसऱ्या दिवशी विचारलं, हे दाबल्यावरच का चालतं? मी म्हटलं, आत झडप असते, दाबलं की उघडते. त्या म्हणाल्या, स्टोव्हसारखं म्हण की. मी हो म्हटलं. तेव्हा मला त्यात काही दिसलं नाही.

लग्नाच्या आदल्या दिवशी दुपारी घर जरा रिकामं झालं. पुरुष कार्यालयावर गेले होते. वैजू दोन्ही हातांना कोपरापर्यंत मेंदी लावून पंख्याखाली बसली होती, तिच्या तोंडात जुई लाडवाचे तुकडे घालत होती. संध्याकाळी हळद. त्याआधी काकी येऊन स्वस्तिक काढणार होत्या. मी मागच्या अंगणात नारळ सोलत होते.

"केतकी," आत्याबाईंची हाक आली. त्या मला कधी एवढ्या हळू हाक मारत नाहीत.

पुढच्या खोलीत त्या अंतरपाटाशेजारी बसल्या होत्या. उजवा तळहात लाल. लाल पेन हातात. आणि कापडाच्या मधोमध, त्या कोऱ्या जागेत, मुठीएवढा लाल डाग. ओला, चकाकणारा, कडेनं अजून पसरत असलेला.

"स्टोव्हला पंप मारतो तसं दाबलं," त्या म्हणाल्या. "येतच नव्हतं. मग एकदम आलं."

मी रद्दी आणली आणि डागावर टेकवली. घासली नाही, घासलं की पसरतो. कागद बदलत गेले. वरचा रंग निघाला, पण कापडात बसायचा तो बसला होता. वैजू मेंदीचे हात वर धरून दारात येऊन उभी राहिली. मागून जुई आली, आणि तिनं आजीला एवढंच विचारलं, "रद्दीवर नाही दाबलंस?"

"नाही गं," आत्याबाई म्हणाल्या.

"पण तुम्ही हे घेतलंत कशाला?" मी विचारलं. माझा आवाज चढला असणार. "काकी येणारच होत्या ना काढायला."

"म्हणूनच." त्यांनी पेन खाली ठेवलं. टोपण न लावता. ते जुईनं लावलं. "ती यायच्या आत स्वस्तिक काढून ठेवणार होते. आणि सांगणार होते, केतकीनं काढलं, वाळलं पण, आता वर काही करायचं नाही."

"मलाच सांगायचं होतं मग."

"तू काढलं असतंस?"

मी आणखी एक कागद डागावर टेकवला.

"नसतंस काढलं," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी ती बोलली ते मला बोचलं. पण तू जे बोललीस ना, की मी सगळ्यांच्यातच जागा सोडते, ते जास्त बोचलं. कुणी न सांगता सोडतेस. माझ्याच घरात बसून सोडतेस, आणि मला कळलं नाही." त्यांनी पदरानं तोंड पुसलं आणि गालाला लाल लागलं.

"आई, खरं सांग," वैजू दारातून म्हणाली, "मुद्दाम सांडलंस ना?"

"मला पेन तरी धरता येतं का गं?" आत्याबाई म्हणाल्या. वैजूला हसू आलं, आणि हसता हसता रडूही. हात वर असल्यामुळे तिला डोळे पुसता येईनात. ते मी पुसले.

मग मी डागाकडे नीट पाहिलं. दुसरं कापड रंगवायला वेळ नव्हता. लाल रंगावर कुंकवाचं स्वस्तिक उठलंच नसतं. पण पेंट पेनाचं एक बरं असतं, खालचा रंग पूर्ण वाळला की वरून दुसरा बसतो, झाकून बसतो. मी वाटी उपडी ठेवली, तिच्या कडेनं लाल पेन फिरवलं आणि डागाचा गोल केला. मोठा, भरलेला, कपाळावरच्या कुंकवासारखा. टेबलावरचा पंखा त्याच्याकडे वळवला. त्यावर आता सोनेरी रंगच उठणार होता.

सोनेरी पेन एकच होतं. सुहासच्या खोक्यातलं, रुखवताच्या कलशांवर वापरलेलं, आणि लगबगीत कुणीतरी उभं ठेवून दिलेलं. मी हलवलं. आवाज नाही. गोळी रंगात रुतून बसली होती.

टोक चिमट्यानं काढलं, कोमट पाण्यात टाकलं. पेन टोपण लावून गरम पाण्याच्या भांड्यात धरलं. पुसून हलवलं. आवाज नाही. आत्याबाईंनी हलवलं. वैजू म्हणाली, माझ्या मेंदीला आग लागो, इकडे दे, पण आम्ही दिलं नाही. जुईनं दोन्ही हातांत धरून अंग घुसळून हलवलं. तिचे केस सुटले. आवाज नाही.

तेवढ्यात फाटक वाजलं आणि काकी आल्या. हातात कुंकवाचा करंडा, काठापदराचं लुगडं, घामाघूम. त्यांनी काही विचारायच्या आत जुई धावत गेली आणि ते पेन त्यांच्या हातात दिलं.

"काकीआजी, तू हलव. माझे हात संपले."

"काय हलवू?"

"हे उठत नाहीये. टोपण काढू नको हं. टोपण लावून हलवायचं."

काकींनी करंडा कोनाड्यात ठेवला. त्या मळ्यात वाढलेल्या बाई, अजून रवीनं ताक घुसळतात. दोन बोटांनी नाही, मुठीनं धरलं पेन. हलवायला लागल्या. हलवता हलवता आम्हाला विचारत होत्या, बांगड्यावाली आली का, आचारी किती वाजता येतोय, हिच्या गालाला काय लागलंय. आम्ही सगळे त्यांच्या मुठीकडे बघत होतो.

टक.

मग पुन्हा टक. आणि मग टक-टक, टक-टक, टक-टक.

"उठलं," जुई म्हणाली.

काकी खूश झाल्या. आणि तशाच हसऱ्या चेहऱ्यानं त्यांची नजर खाली गेली. लाल गोल. कोरी जागा कुठेच नाही. पाण्याच्या वाटीत धुतलेलं टोक. त्यांनी आत्याबाईंकडे पाहिलं. आत्याबाईंनी नजर खाली घातली नाही.

"मी डाग पाडला," त्या म्हणाल्या. "आणि आता वर जे काढायचं ते ही काढेल. माझ्या मुलीचा अंतरपाट आहे, आणि ही माझ्या घरातली आहे. बोट दाखवायचं तर माझ्याकडं दाखवा."

हातातलं पेन काकींनी एकदा उगीच आणखी हलवलं. गोळी मोकळी वाजली. त्यांच्या मनात काय चाललं होतं ते मला आजवर कळलेलं नाही. मी विचारलंही नाही. मग त्या गुडघ्यावर हात टेकून माझ्यासमोर फरशीवर बसल्या आणि पेन पुढे केलं.

"घे बाई. हात भरून आला माझा. आता हे पेन वाळायच्या आत काढ."

मी टोक उलटं करून बसवलं. रद्दीवर दाबलं, सोडलं, दाबलं. आधी पाणी आलं, मग पिवळट, मग सोनं. लाल गोलाला बोट लावून पाहिलं, तो वाळला होता. पहिली रेघ ओढली तेव्हा कापडाची एक कड वैजूनं पायाच्या अंगठ्यानं दाबून धरली होती, दुसरी आत्याबाईंनी आणि तिसरी काकींनी. चौथ्या कडेवर जुई पालथी पडली होती. चार रेघा, चार वळणं, चार ठिपके. शेवटच्या ठिपक्याशी थोडा रंग जास्त आला. तो जास्तीचा ठिपका आजही तिथं आहे. वैजूच्या घरी निपाणीत तो अंतरपाट काचेत लावलाय आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला ती आधी मोटारसायकल शोधायला लावते.

लग्न नीट झालं. मंगलाष्टका लांबल्या, प्रसन्नच्या मामांना गळा होता आणि थांबायची इच्छा नव्हती. जुई मध्ये खाली बसून दोन्हीकडचे पाय बघत होती. काकी अक्षता टाकायला माझ्याशेजारी येऊन उभ्या राहिल्या. अंतरपाट बाजूला झाला तेव्हा वैजूनं आधी नवऱ्याकडे नाही, माझ्याकडे पाहिलं, आणि मग एकदम आठवल्यासारखं त्याच्याकडे. करंड्यातलं कुंकू काकींनी तसंच परत नेलं. त्यानंतर मी जे जे अंतरपाट केले, त्यांत मधली जागा मीच भरते. पहिल्यांदा एका गिऱ्हाईकाला मी तसं सांगून टाकलं. त्या बाई म्हणाल्या, बरं झालं, आमचं एक काम वाचलं.

आता जुई दहा वर्षांची आहे. ती सायकलवरून येईपर्यंतचा हा वेळ माझा, त्यात हे लिहितेय. पेनं ती आता उठवत नाही, नुसती आडवी ठेवते. पण लग्नानंतरची ती एक दुपार मला पुन्हा पुन्हा आठवते.

पाहुणे गेले होते. आत्याबाई दमून झोपल्या होत्या. मांजरपाटाचा एक तुकडा उरला होता. कुणाचं काम हातात नव्हतं, तरी तो मी पुठ्ठ्यावर पसरला. का पसरला, माहीत नाही. बोटांना सवय झाली होती. जुई नेहमीसारखी कडेशी येऊन पालथी पडली, हनुवटीखाली मुठी ठेवून. तिच्याकडे सोनेरी पेन होतं. ती ते हलवत होती, टक-टक, टक-टक.

"इकडे कोण?" तिनं विचारलं.

"कुणी नाही गं. नुसतंच पसरलंय."

"असं कसं? कुणीतरी लागतं." तिनं जरा विचार केला. मग माझ्याकडे बघितलं, कापडाच्या माझ्या बाजूला हात फिरवला. "इकडे तू."

"बरं. इकडे मी."

तिनं हलवणं थांबवलं. कान लावून पेन ऐकलं, आत सगळं जागं झालंय का ते. टोपण काढलं, रद्दीवर टोक टेकवलं, आणि मान वर करून म्हणाली,

"आणि आई, तिकडे कोण?"